पाइनच्या फळीवर चौदा वर्तुळं, देवराईतल्या बेहड्यावर किती?

सातपूरकर

नमस्कार मंडळी. बऱ्याच दिवसांनी धागा काढतोय. जरा लांबण लागेल, पण महिनाभर डोक्यात हेच घोळतंय.

मी सातपूर एमआयडीसीत एका कारखान्याच्या स्टोअरला आहे. परदेशातून यंत्रांचे सुटे भाग येतात ते पाइनच्या पेट्यांतून. पेटी फोडली की फळ्या भंगारात जातात, नाहीतर कुणीतरी घरी नेऊन स्टूल नाहीतर कोंबड्यांचं खुराडं करतं. मीही चार फळ्या आणल्या. रंधा मारताना मुलीनं विचारलं, "बाबा, हे झाड किती वर्षांचं होतं?" फळीच्या टोकावर वर्तुळं स्वच्छ दिसत होती. दोघांनी मिळून मोजली. चार इंचांत चौदा. झाडाचं अख्खं वय त्यातून कळत नाही, पण चार इंच लाकूड चौदा वर्षांत भरलं एवढं नक्की.

आमचा पंचवटीतला जुना वाडा दोन वर्षांपूर्वी उतरवला. तेव्हा वडिलांनी सागाच्या तुळईचा हातभर तुकडा राखून ठेवला होता. मुलीनं तोही काढायला लावला. इथे भिंग घ्यावं लागलं. एका इंचात बावीस वर्तुळं.

पेटीतला पाइन लागवडीचा. न्यूझीलंडमध्ये रेडिआटा पाइन पंचवीस-तीस वर्षांत तोडणीला येतो. आपल्याकडे ऊस तसं तिकडे हे पीक. त्यात वावगं काही नाही. पण मग पाइनचं खरं, जुनं जंगल कसं असतं म्हणून वाचायला घेतलं आणि एका जागी अडकलो. अमेरिकेच्या आग्नेय भागात लाँगलीफ पाइनचं जंगल एकेकाळी सुमारे ९ कोटी एकरांवर होतं. आपला अख्खा महाराष्ट्र साडेसात कोटी एकरांच्या थोडा वर आहे, म्हणजे बघा. राळ, टर्पेंटाइन, जहाजांना लागणारं डांबर, पुढे रेल्वे आणि लाकडाच्या गिरण्या, सगळ्यांनी मिळून ते संपवलं. विसाव्या शतकाच्या अखेरीस ३ टक्क्यांच्या आसपास उरलं होतं. त्यातही कधीच कुऱ्हाड न लागलेलं फक्त काही हजार हेक्टर. आणि तिकडे आज झाडं कमी आहेत असं मुळीच नाही. त्याच पट्ट्यात मैलोन्मैल पाइन उभा आहे. फक्त तो लावलेला, एका वयाचा, एका रांगेतला.

हे वाचलं आणि नाशकातलं आपलं तपोवन आठवलं. सिंहस्थात साधूंच्या मुक्कामासाठी उभारतात त्या साधुग्रामासाठी तिथली झाडं तोडायचा विषय निघाल्यापासून प्रत्येक टपरीवर एकच वाक्य कानावर येतं: एक तोडलं तर दहा लावू. मी तोवर या वाक्याला मनातल्या मनात मान डोलवायचो. आता डोलवत नाही. दहा रोपांची वयं एकत्र करून एक म्हातारं झाड होत नाही, एवढं त्या दोन लाकडांनी मला शिकवलं.

माझे दोन प्रश्न आहेत. पहिला, जंगल 'जुनं' कशावरून म्हणायचं? नुसती झाडं जाड आहेत म्हणून? दुसरा, नाशिक जिल्ह्यात असं जुनं रान कुठे उरलंय, आणि त्याचं वय मोजता येतं का?

---

तोफखाना

सातपूरकर, मी देवळालीचा. तोफखान्यात चोवीस वर्षं काढली, त्यातली बरीच पिथोरागड आणि किन्नौरकडे. पाइनच्या रानात राहिलोय, म्हणून चार गोष्टी सांगतो.

तिकडे खालच्या उंचीवर चीड. पाचशे मीटरपासून दोन हजारांच्या थोडं वरपर्यंत. त्याच्या वर कैल आणि देवदार. ओळखायची सोपी खूण म्हणजे सुयांचा झुबका हातात घ्यायचा. तीन सुया असल्या तर चीड, पाच असल्या तर कैल. चिडाच्या वाळक्या सुयांना तिकडे पिरूल म्हणतात. उन्हाळ्यात त्याचा वीतभर थर साचतो, उतारावर बूट ठरत नाही, आणि ठिणगी पडली की डोंगरच्या डोंगर पेटतो. २०१६ च्या वणव्यात हवाई दलाची हेलिकॉप्टरं बादल्या भरभरून पाणी टाकत होती.

पण चिडाला शिव्या देणारे पुष्कळ भेटतात, त्यांना मी एक सांगतो. चीड हिमालयातलाच आहे, बाहेरून आणलेला नाही. बिघडलं ते प्रमाण. इंग्रजांना लाकूड हवं होतं, राळ हवी होती. तिकडे राळेला लीसा म्हणतात. खोडाला खाच पाडून खाली भांडं लावायचं. बांज, म्हणजे तिकडचा ओक, त्यांच्या दृष्टीनं बिनकामाचा. गावच्या बायकांच्या दृष्टीनं मात्र तोच कामाचा, कारण पाला गुरांना, ओल जमिनीला आणि पाणी झऱ्याला. १९२१ साली कुमाऊँतल्या लोकांनी सरकारी राखीव रानं पेटवली ती मुख्यतः चिडाची. पुढे चिपको आलं, १९७३ ला मंडल गावात आणि १९७४ ला रैणीत. रैणीत गौरादेवींसोबत गावच्या बायका ठेकेदाराच्या माणसांसमोर उभ्या राहिल्या, ते सगळ्यांना माहीत आहे. १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला हजार मीटरच्या वरची हिरवी झाडं व्यापारासाठी तोडायला बंदी आली ती त्या धसक्यातूनच.

खरं जुनं चिडाचं रान मी एकदाच पाहिलं. एका देवळाभोवतीचं. खोडाला दोघांनी कवळ घालावी लागे. सालीचे मगरीच्या पाठीसारखे जाड तुकडे, खाली गवत मोकळं, आणि झाडं विरळ. खाचेचा वण एकाही झाडावर नाही. शेजारच्याच सरकारी कूपात, म्हणजे तोडणीसाठी आखलेल्या रानात, चारपाच वण असलेली झाडं होती. वणव्यात ती आधी पेटतात, कारण खाचेत राळ साचलेली असते. मी त्या दोन रानांच्या मधल्या पायवाटेवरून रोज गस्तीला जायचो. अंतर पन्नास पावलं.

---

रानजाई

सातपूरकरदादा, पहिल्या प्रश्नाचं उत्तर द्यायचा प्रयत्न करते. मी वनस्पतिशास्त्र शिकवते.

जाड झाडं ही खूण आहेच, पण जंगल जुनं ठरतं ते चार गोष्टी एकत्र आल्यावर. निरनिराळ्या वयाची झाडं असावी लागतात, अगदी काल उगवलेल्या रोपापासून म्हाताऱ्यापर्यंत. उभी वाळलेली झाडं लागतात. जमिनीवर पडून कुजणारे ओंडके लागतात. आणि एखादं मोठं झाड पडल्यावर वर उघडलेली आभाळाची खिडकी, जिच्यातून ऊन खाली येतं आणि नवी रोपं जोर धरतात. लागवडीत पहिली गोष्ट नसते, आणि बाकीच्या तिन्ही आपण 'स्वच्छता' म्हणून काढून टाकतो.

मेलेल्या झाडाबद्दल थोडं जास्त लिहिते, कारण सगळ्यांत दुर्लक्षित तेच. फिनलंडमध्ये म्हाताऱ्या पाइनचं झाड उभ्या उभ्या मरतं, साल गळून पडते, खोड चांदीसारखं राखाडी होतं आणि तसंच कित्येक दशकं, कधी शतकंसुद्धा उभं राहतं. त्याला तिकडे 'केलो' म्हणतात. असं खोड तयार व्हायला आधी झाडाला काहीशे वर्षं जगावं लागतं आणि मग सावकाश मरावं लागतं. फिनलंडच्या जंगलातल्या एकूण प्रजातींपैकी पाचव्या ते चौथ्या हिश्श्याच्या प्रजाती मेलेल्या लाकडावर अवलंबून आहेत. भुंगेरे, बुरश्या, दगडफुलं. लाकूड उचललं की हे सगळं गेलं.

आणि तुमच्या लाँगलीफचंच उदाहरण. तिथे रेड-कोकेडेड वुडपेकर नावाचा एक लहानसा सुतार पक्षी आहे. बाकीचे सुतार बहुधा वाळलेल्या खोडात ढोली करतात, हा जिवंत पाइनमध्ये करतो. पण जिवंत पाइन कोरणं सोपं नाही. राळ वाहते, लाकूड टणक. म्हणून तो ऐंशी-शंभर वर्षांच्या पुढचं झाड शोधतो, ज्याचा गाभा एका बुरशीनं मऊ केलेला असतो. तरी ढोली पुरी व्हायला वर्षं लागतात. मग तो ढोलीभोवती बारीक भोकं पाडून ठेवतो, त्यातून राळ ओघळत राहते आणि झाडावर चढणारे साप मागे फिरतात. त्यानं सोडलेल्या ढोल्यांत पुढे इतर पक्षी, उडत्या खारी, मधमाश्या राहतात. चाळीस वर्षांची लाख झाडं लावली तरी या पक्ष्याला त्यांतलं एकही चालत नाही.

आपल्या शेजारचा दाखला हवा तर रानपिंगळा घ्या. १८८४ नंतर तो कुणाला दिसला नव्हता. ११३ वर्षांनी, १९९७ मध्ये, तो आपल्या खानदेशात शहाद्याजवळ पुन्हा सापडला. तोही झाडाच्या ढोलीतच घरटं करतो. ढोली म्हणजे वय.

---

मखमलाबादचा

सगळं वाचलं. मनापासून लिहिताय सगळे, पण मला पटत नाही ते स्पष्ट सांगतो.

मी द्राक्षवाला. आमच्या धंद्यात वेल पंधरा वर्षांच्या आसपास गेली की माल कमी होतो, मग बाग उपटून नवी लावायची. जुनं ते चांगलं असं आमच्याकडे नाही. आणि रानजाईताई, तुम्ही म्हणता वाळलेलं लाकूड उचलू नका. हरसूल-पेठच्या पाड्यावरची बाई सकाळी उठून मोळी बांधते तेव्हा चूल पेटते. तिला केलो सांगून काय उपयोग? अमेरिकेनं आधी सगळं तोडून घरं बांधली, कारखाने उभे केले, आता उरलेल्याला कुंपण घातलं. आपल्या गरिबानं मात्र आधीच कुंपण घालायचं?

दुसरं, घरटी कमी पडत असतील तर लाकडी पेट्या टांगता येतात. चिमण्यांसाठी आम्ही टांगल्याच ना.

---

रानजाई

मखमलाबादचे दादा, प्रश्न रास्त आहे. पेट्यांचं आधी सांगते. १९८९ मध्ये ह्यूगो चक्रीवादळानं साउथ कॅरोलिनातलं फ्रान्सिस मॅरियन जंगल आडवं केलं. त्या सुतार पक्ष्याच्या ढोल्यांची बहुतेक झाडं पडली. तेव्हा लोकांनी खरंच उरलेल्या पाइनमध्ये खाच करून तयार ढोल्या बसवल्या, आणि पक्षी वाचला. पण पेटी बसवायलासुद्धा खोड पुरेसं जाड लागतं. म्हणजे पुन्हा वयच आलं. इतक्या वर्षांच्या मेहनतीनंतर २०२४ मध्ये त्याचं नाव 'संकटग्रस्त' वर्गातून एक पायरी खाली, 'धोक्यात' या वर्गात आलं. पन्नासेक वर्षांचं काम, आणि मिळालेली पायरी एक.

मोळीबद्दल मी बोलायचं नाही. ज्यांच्या घरी मोळी येते त्यांनी बोलावं.

---

पेठचा

मग मी बोलतो. आमच्या घरी मोळी येते. आई आणते, पूर्वी आजी आणायची.

मखमलाबादचे दादा, तुम्ही आमची बाजू घेतली म्हणून बरं वाटलं. पण आमच्याकडे रान दोन प्रकारचं आहे हे तुम्हाला सांगायला हवं. एक रान वापरायचं. त्यात सरपण आहे, पालापाचोळा आहे, राबासाठी फांद्या तोडतो. नागलीचं आणि भाताचं रोप टाकायच्या जागेवर ऐनाच्या फांद्या, शेण, पाला पसरून भाजतात तो राब. ऐनाला आम्ही सादडा म्हणतो. राबासाठी तोडलेला सादडा कधी उंच होत नाही, वरून छाटल्यासारखा ठेंगणाच राहतो. आमच्या शेताच्या बांधावरचे सगळे सादडे असेच आहेत.

दुसरं रान देवाचं. तिथं वाघदेवाचं ठाणं आहे. एक उभा पाट, त्यावर वाघ, सूर्य आणि चंद्र कोरलेले. त्या रानातून काडीसुद्धा बाहेर न्यायची नाही. वाळलेलीही नाही. पडलेलीही नाही. आजी मोळीला जायची तेव्हा त्या रानाला वळसा घालून पुढे जायची, दीड मैल जास्त, डोक्यावर ओझं घेऊन. मी लहानपणी तिला विचारलं, इथं एवढं सरपण पडलंय, मग लांब का जायचं? ती म्हणाली, ते त्याचं आहे.

आता रानजाईताईंनी लिहिलं की मेलेल्या लाकडावर जंगलाचा एवढा मोठा हिस्सा जगतो. आमच्या देवराईत जे सादडे आहेत ते बांधावरच्यासारखे ठेंगणे नाहीत. वर बघताना टोपी पडते. एकच झाड, एकच माती, एकच पाऊस. फरक एवढाच की त्याला कुणी कोयता लावला नाही.

आणि कुंपणाचं म्हणाल तर ते बाहेरच्यानं घातलं की आमचा जीव जातो हे खरं आहे. पण आमचं कुंपण आमचंच होतं. २००६ च्या वनहक्क कायद्यात गावाला आपलं सामूहिक वन राखायचा आणि त्याची व्यवस्था बघायचा हक्क आहे. ग्रामसभेत आम्ही तोच विषय लावून धरलाय. गावाचं नाव इथं लिहीत नाही. लिहिलं की रविवारी गाड्या येतात.

---

मखमलाबादचा

पेठचा, भाऊ, माझं बोलणं मागे घेतो. वळसा घालून जाणाऱ्या आजीचं मला माहीत नव्हतं.

---

गंगापूर रोड

एक बाळबोध प्रश्न. आमच्या सोसायटीत मोठं पाइनचं झाड आहे, एकदम सरळ शंकूसारखं. मग नाशकात पाइनचं जंगल लावता येईल ना? थंडीही असते.

---

रानजाई

तुमच्या सोसायटीतलं बहुतेक अरोकेरिया असेल. नर्सरीत त्याला ख्रिसमस ट्री म्हणून विकतात. तो पाइन नव्हे. सुरूचं झाडही पाइनसारखं दिसतं, पण तेही पाइन नाही. महाराष्ट्रात पाइन मुळचा नाहीच. सगळ्या दक्षिण भारतात सूचिपर्णींच्या कुळातलं मुळचं म्हणावं असं एकच झाड आहे, नागेया, आणि ते सह्याद्रीच्या पार दक्षिण टोकाकडे.

शिवाय पाइन एकटा जगत नाही. त्याच्या मुळांवर एका प्रकारच्या बुरश्यांचं जाळं असतं, ती मातीतून पाणी आणि स्फुरद आणून देते आणि बदल्यात साखर घेते. दक्षिण गोलार्धात पहिल्यांदा पाइन लावला तेव्हा ही बुरशी मातीत नसल्यामुळे रोपं पिवळी पडून खुंटली. मग पाइनखालची माती आणून टाकावी लागली. त्यामुळे कृपा करून नाशकात पाइन नको. आपल्याकडे हिरडा, बेहडा, कळंब, मोह, आंबा आहेत.

---

बोरगडवाला

मी दर फेब्रुवारी ते मे डोंगरावर वणवे विझवायला जातो. बोरगड, चामर लेण्यांचा डोंगर, कधी रामशेजकडे. ओल्या फांद्यांनी झोडपून आग मारतो, दुसरं साधन नसतं. आता मी दुसरीकडे वाचतोय की लाँगलीफ पाइनला टिकायला आगीची गरजच असते. आमच्याकडे गुराख्यांचं हेच म्हणणं असतं, जाळलं की गवत चांगलं येतं. हे वाचून कुणी डोंगर पेटवायला मोकळा व्हायला नको, म्हणून विचारतो. नक्की काय ते नीट सांगा.

---

रानजाई

फार महत्त्वाचं विचारलंत.

लाँगलीफच्या रानात दर दोन-पाच वर्षांनी जमिनीलगतची हलकी आग जाते. पूर्वी विजेमुळे लागायची, तिथले मूळ रहिवासीही लावायचे. झाड त्या आगीबरोबरच घडलेलं आहे. त्याचं रोप पहिली काही वर्षं उंच होतच नाही. गवताच्या पेंडीसारखं जमिनीलगत बसून राहतं आणि सगळी ताकद मुळात घालतं. आग आली तर बाहेरच्या सुया जळतात, आतला कोंब वाचतो. मग एकदम दोन-तीन हंगामांत ते आगीच्या उंचीच्या वर निघून जातं. आग बंद केली तर खाली रुंद पानांची झुडपं माजतात आणि हे गवतासारखं रोप सावलीत मरतं. पश्चिम अमेरिकेतल्या पाँडेरोसा पाइनचंही तसंच झालं. १९१० च्या मोठ्या आगींनंतर तिथे प्रत्येक आग विझवायचं धोरण आलं. म्हाताऱ्या झाडांच्या मध्ये हजारो काटकुळी रोपं दाटली. आता आग लागली की ती या रोपांची शिडी करून शेंड्यापर्यंत चढते, आणि तीनशे-चारशे वर्षं आगी सोसलेली झाडं एका दुपारी जातात.

पण आपल्या देवराईतलं झाड या शाळेत शिकलेलं नाही. जांभूळ, उंबर, आंबा, बेहडा यांच्या रोपांना आगीची सवय नाही. आपल्या डोंगरावर आग दरवर्षी लागते, तीही बहुतेक माणसाच्या हातून, आणि दरवर्षी लागल्यामुळे एकाही रोपाला उंच व्हायला वेळ मिळत नाही. मग उरतं ते गवत, आणि पुढच्या उन्हाळ्यात तेच पेटतं. तुम्ही झोडपताय ते बरोबर आहे. झोडपत राहा.

---

कोर्टाच्या पायरीवर

वकिली बाजू थोडक्यात. शहरातल्या झाडांसाठी १९७५ चा महाराष्ट्र नागरी क्षेत्रे झाडांचे संरक्षण व जतन अधिनियम आहे. २०२१ मध्ये त्यात दुरुस्ती झाली. पन्नास वर्षं किंवा जास्त वयाच्या झाडाला वारसा वृक्ष मानलं गेलं. आणि तोडलेल्या झाडाचं जेवढं वय तेवढी झाडं बदल्यात लावायची, असा हिशेब आला. म्हणजे 'एकाला दहा' हा कायद्याचा हिशेब नाहीच. ऐंशी वर्षांचं झाड असेल तर ऐंशी.

सातपूरकर, तुमचा मुद्दा मला इथे दिसतो. कायद्यानं पहिल्यांदा वय हा शब्द मोजमापात घेतला. पण त्याचं रूपांतर पुन्हा संख्येतच केलं. आणि वादाची जागा कुठली तर वय ठरवायचं कसं. प्रत्यक्षात बुंध्याचा घेर बघून अंदाज बांधतात. अर्ज करणारा म्हणतो तीस, आम्ही म्हणतो सत्तर.

तपोवनाबद्दल हरकत घ्यायची असेल तर नुसतं 'झाडं तोडू नका' असं लिहू नका. झाडाची जात, छातीच्या उंचीवरचा घेर, ढोल्या आहेत का, घरटी आहेत का, फोटो, जागा, असं एकेका झाडाचं लिहा. असा कागद बाजूला सारणं अवघड जातं.

---

सातपूरकर

वकीलसाहेब, हे कामाचं सांगितलंत. वय मोजायचं कसं हा माझा दुसरा प्रश्न तसाच आहे. झाड न तोडता कळतं का?

---

तोफखाना

हिमालयात पुण्याच्या उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेची मंडळी यायची. त्यांच्याकडे पोकळ गिरमिट असतं. ते खोडात फिरवत न्यायचं आणि पेन्सिलीपेक्षा बारीक अशी लाकडाची कांडी बाहेर काढायची. झाड मरत नाही. कांडीवरच्या वर्तुळांवरून कुठल्या साली पाऊस कमी होता तेही सांगतात. सागाचीही तशी वर्तुळं मोजतात.

पण अमेरिकेत १९६४ मध्ये झालेलं सांगतो, मला ते विसरता येत नाही. नेवाडात डोंगरावर ब्रिसलकोन पाइन आहेत, वाकडेतिकडे, अर्धे वाळलेले. एका संशोधक विद्यार्थ्याला वय काढायचं होतं, त्यासाठी रीतसर परवानगी घेऊन एक झाड तोडलं. नंतर वर्तुळं मोजली तर ४,८०० च्या वर भरली. तोवर माहीत असलेल्या झाडांतलं ते सगळ्यांत म्हातारं होतं, आणि कळलं ते तोडल्यावर. कॅलिफोर्नियात तेवढ्याच वयाचं दुसरं झाड आहे, मेथुसेला. त्याची नेमकी जागा आजही लोकांना सांगत नाहीत. पेठच्या पोरानं गावाचं नाव लिहिलं नाही, ते वाचून मला हेच आठवलं.

---

रानजाई

भर घालते. पाइन आणि साग यांची वर्तुळं स्पष्ट, कारण वाढ वर्षातून एकदा थांबते. बेहडा, उंबर, वड यांच्यात तेवढी विश्वासानं मोजता येत नाहीत. वडाला तर पारंब्यांमुळे मूळ खोड कुठलं हेच ठरत नाही. त्यामुळे देवराईत वयाचा आकडा मागू नका. जमिनीपासून १.३७ मीटरवर घेर मोजा. तोच घेर पाच वर्षांनी, दहा वर्षांनी, त्याच जागी मोजा. पहिलं माप कुणीतरी आज घेऊन ठेवावं लागतं, एवढंच.

---

सातपूरकर

तीन आठवड्यांनी लिहितोय. पेठच्या भाऊंनी नेलं. आम्ही पाच जण होतो, मुलगीही होती. मखमलाबादचे दादा स्वतःची गाडी घेऊन आले. गावाच्या पाटलांना विचारून, नारळ ठेवून आत गेलो.

जे दिसलं ते जसं लिहून घेतलं तसं देतो. रान सगळं मिळून चार-साडेचार एकर. बाहेर दुपारचं कडक ऊन, आत पाऊल टाकलं की अंगावर गारवा. वाघदेवाच्या मागचा बेहडा आम्ही चौघांनी हात धरून कवळला, टेपनं घेर ५ मीटर १० सेंटिमीटर भरला. बुंध्यापासून डोक्याइतक्या उंचीवर एक ढोली, कडा पांढऱ्या झालेल्या. आम्ही तिथून लांब झालो तेव्हा पिंगळ्यानं तोंड बाहेर काढलं. साधा पिंगळा, पण त्यानं आमच्याकडे बराच वेळ पाहिलं. सादड्याचे अकरा मोठे वृक्ष मोजले, तीन मीटरच्या वरचे पाच.

एक मोठा सादडा आडवा पडलेला आहे. गावात विचारलं तर म्हणाले दहा-बारा पावसाळे झाले. त्याच्या सालीखाली बोट घातलं तर भुगा ओला होता, चैत्रात. त्याच्या जागी वर आभाळ उघडलंय आणि खाली ऊन येतं तिथं जांभळाची आणि आंब्याची रोपं. मुलीनं एक हात बाय एक हाताच्या चौकोनात काड्या ठेवून मोजली, सव्वीस. तिनं पडलेल्या खोडावर वर्तुळं शोधली, पण ते कापलेलं नव्हतं, मोडलेलं होतं. तुटका भाग सगळा बुरशीनं आणि शेवाळानं झाकलेला. मोजता आलं नाही. ती म्हणाली, राहू दे.

मखमलाबादचे दादा त्या ओंडक्यापाशी बराच वेळ बसले होते. परत येताना त्यांनी गाडीत विचारलं, बागेच्या बांधावर लावलेला बेहडा एवढा व्हायला किती वर्षं लागतील. कुणाकडेच उत्तर नव्हतं. रोपं मात्र त्यांनी त्याच संध्याकाळी नर्सरीत सांगून ठेवली.

मोजमापाची वही दोन प्रतींत केली आहे. एक ग्रामसभेकडे, एक माझ्याकडे. आता तपोवनातल्या एकेका झाडाची अशीच वही करायला घेतोय, वकीलसाहेबांनी सांगितलं तशी. ज्यांना रविवारी सकाळी सहा ते नऊ वेळ आहे त्यांनी निरोप पाठवा. टेप माझ्याकडे दोन आहेत.

---

बोरगडवाला

मी येतो. तिसरी टेप माझी.

---

पेठचा

आजीचा निरोप आहे. वाघबारशीला पुन्हा या, पोरीला आणा. टेप आणली तरी चालेल. चपला मात्र वेशीबाहेर ठेवा, मागच्या वेळी दोघांनी आत नेल्या होत्या.